मांजरेच्या खालच्या अंगाला

बीडकडून मांजरसुंब्याचा घाट चढला की बालाघाटाचे पठार लागते. सोलापूर-धुळे महामार्ग आणि नगरकडून केज, अंबाजोगाई, लातूरकडे जाणारा रस्ता इथे एकमेकांना छेदतात. त्यामुळे गाव लहान असले तरी चौक मोठा आहे आणि रात्रंदिवस जागा आहे. बहुतेकांना मांजरसुंबा ठाऊक आहे तो या चौकामुळेच. पाण्याच्या हिशेबाने मात्र ही जागा त्याहून मोलाची आहे. पठाराच्या उत्तर कडेला पडलेला पाऊस बिंदुसरेत उतरतो, तिथून सिंदफणेत आणि पुढे गोदावरीत जातो. दक्षिणेच्या उतारावरचे पाणी मांजरेकडे वळते. मांजरा याच पठारावर, पाटोदा तालुक्यात गवळवाडीच्या आसपास उगम पावते आणि सव्वासातशे किलोमीटरच्या आसपास प्रवास करून तीही शेवटी गोदावरीलाच मिळते.

हा प्रवास सरळ नाही. केज आणि धाराशिवच्या सीमेवरून ती लातूरला येते, बीदर जिल्हा ओलांडते, तेलंगणात संगारेड्डी आणि मेदकपर्यंत जाते आणि तिथे उत्तरेला वळण घेते. निजामसागर धरणातून बाहेर पडल्यावर देगलूर-बिलोलीच्या अंगाने ती पुन्हा महाराष्ट्राच्या हद्दीला लागते आणि कंदकुर्तीला गोदावरीत विलीन होते. तेलंगणात तिला मंजिरा म्हणतात. मांजरसुंब्याजवळच्या कपिलधारला, मन्मथस्वामींच्या समाधीला, कार्तिक पौर्णिमेच्या यात्रेत मराठवाड्याबरोबर कर्नाटक आणि तेलंगणातूनही भाविक येतात. त्यांतल्या कितीतरी जणांची गावे याच नदीच्या खोऱ्यात आहेत. ही माणसे नदीच्या खालच्या अंगाकडून तिच्या माथ्याकडे चालत येतात.

बीड-लातूरकडे मांजरेचा विषय निघाला की बोलणे टंचाईवर जाते, आणि ते साहजिक आहे. केज तालुक्यातले धनेगावचे धरण २०१६ साली कोरडे पडले तेव्हा लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. ‘जलदूत’ गाडीची छायाचित्रे देशभर छापून आली. या नदीची दुसरी गोष्ट मराठीत फारशी सांगितली जात नाही. ती घडली पटनचेरूला. हैदराबादहून सोलापूरकडे निघाले की शहर संपता संपता हे गाव लागते. तिथे पाणी होते, वर्षभर वाहत होते, आणि लोक ते पीत नव्हते.

पटनचेरूशी बीडचा संबंध जुना आहे. १९४८ पर्यंत बीड जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. राजधानी हैदराबाद, वरचे न्यायालय हैदराबादला, आणि १९१८ नंतर उस्मानिया विद्यापीठही तिथेच. शिकायला, दाद मागायला, नोकरी शोधायला बीडची माणसे तिकडे जात. मांजराही संस्थानाची नदी होती आणि तिचे पाणी अडवायचे ठरले ते संस्थानाच्या सोयीने. १९२३ ते १९३१ या काळात अभियंता नवाब अली नवाज जंग यांच्या देखरेखीखाली निजामसागर बांधले गेले आणि निजामाबाद परिसरात कालव्याखालची भातशेती फुलली. उगमाकडचे बीड कोरडवाहूच राहिले. पुढे १९६५ मध्ये हैदराबाद शहराला मांजरेचे पाणी पिण्यासाठी मिळू लागले. त्यानंतर सिंगूर धरण झाले आणि शहर या नदीवर आणखी विसंबले.

शहराने नदीकडून पिण्याचे पाणी घेतले. त्याच शहराच्या वेशीवरच्या कारखान्यांनी नदीला काय परत दिले, ते पुढे येते.

पटनचेरूचा परिसर तळ्यांचा आहे. काकतीयांच्या काळापासून तेलंगणात तळी बांधण्याची परंपरा आहे. उतारावर एकाखाली एक तळे, वरचे भरले की त्याच्या सांडव्याचे पाणी खालच्यात. उतरंडीतल्या मडक्यांसारखी ही रचना गावोगाव होती. तळ्याखाली भात, त्याच्या वरच्या अंगाला ज्वारी आणि तूर, विहिरीवर भाजीपाला, आणि तळ्यात मासे. काझीपल्ली, गड्डपोताराम, बोलाराम, इस्नापूर ही अशीच गावे होती. त्यांच्या ओढ्यांचे पाणी इसकवागूत आणि नक्कवागूत जाई आणि नक्कवागू मांजरेला मिळे.

१९७२ साली, महाराष्ट्रात दुष्काळाने माणसे खडी फोडायला गेली होती त्याच वर्षी, पटनचेरूला इक्रिसॅट ही कोरडवाहू शेतीची आंतरराष्ट्रीय संशोधन संस्था उभी राहिली. ज्वारी, बाजरी, तूर, हरभरा आणि भुईमूग हे तिचे विषय. म्हणजे बीडच्या शेतकऱ्याचे सगळे ताटच. मर रोगाला दाद न देणारे ‘आशा’ तुरीचे वाण तिथलेच. महाराष्ट्रासाठी २०१२ मध्ये प्रसारित झालेली लोहयुक्त ‘धनशक्ती’ बाजरीही याच संस्थेच्या आणि राहुरीच्या कृषी विद्यापीठाच्या कामातून आली. बालाघाटावरच्या हलक्या जमिनीत जे पेरले जाते त्यातले बरेचसे ज्ञान पटनचेरूच्या मातीत तपासले गेले आहे. त्याच पटनचेरूची शेते दुसऱ्या बाजूने नापीक होत गेली, ही गोष्ट मन पोखरते.

कारखाने तिथे का आले, याचे उत्तर एका ओळीत संपत नाही. भारतात प्रतिजैविके बनवण्याची सुरुवात महाराष्ट्रात झाली. पिंपरीला १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्स ही सरकारी कंपनी स्थापन झाली आणि देशी पेनिसिलीन बनू लागले. १९६१ मध्ये सोव्हिएत रशियाच्या मदतीने आयडीपीएल ही दुसरी सरकारी कंपनी निघाली आणि तिचा संश्लेषित औषधांचा कारखाना हैदराबादला उभा राहिला. या कारखान्यात एक अख्खी पिढी औषधनिर्मिती शिकली आणि त्यातले अनेक जण पुढे बाहेर पडून स्वतःचे कारखाने काढू लागले. १९७० च्या पेटंट कायद्याने औषधाच्या रेणूवरचे पेटंट रद्द करून फक्त ते बनवण्याच्या पद्धतीवरचे ठेवले. तेच औषध वेगळ्या पद्धतीने बनवले की चालू लागले. पूर्वी परदेशी कंपन्यांच्या भावाने मिळणारी औषधे स्वस्त झाली. हा कायदा नसता तर आपल्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत गोळ्यांचे डबे इतके भरलेले दिसले नसते. ते श्रेय द्यायलाच हवे.

आता जागेचा प्रश्न. तेव्हाचा मेदक जिल्हा मागास म्हणून नोंदलेला होता आणि मागास भागात उद्योग काढणाऱ्याला सवलती होत्या. पटनचेरू मेदक जिल्ह्यात, पण हैदराबादच्या दारात. म्हणजे सवलती मागास भागाच्या आणि बाजार, रस्ते, रेल्वे, तंत्रज्ञ राजधानीचे. सत्तरच्या दशकात तिथे औद्योगिक वसाहत आखली गेली आणि पटनचेरू, बोलाराम, काझीपल्ली, जीडीमेटला असा कच्च्या औषधांच्या कारखान्यांचा पट्टा वाढत गेला. जमीन दिली, वीज दिली, रस्ता दिला. सांडपाणी कुठे जाणार, हा प्रश्न त्या आखणीत शेवटी आला किंवा आलाच नाही. जमिनीचा उतार कुठे आहे ते गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत होते.

औषध तयार होताना नेमके काय उरते ते समजून घेतले तर पुढचे सगळे कळते. कारखान्यातून शेवटी किलोभर पांढरी भुकटी निघते. त्यासाठी आम्ले, क्षार आणि कितीतरी किलो द्रावके वापरलेली असतात. प्रत्येक टप्प्यावर धुणे, गाळणे, वेगळे करणे चालते आणि प्रत्येक टप्प्याचे पाणी उरते. त्या पाण्यात विरघळलेले क्षार मोठ्या प्रमाणात असतात, द्रावके असतात आणि अर्धवट बनलेले किंवा पूर्ण बनलेले औषधही असते. ते स्वच्छ करायला खर्च येतो. न करता सोडले तर तो खर्च कारखान्याच्या वहीत दिसत नाही, खालच्या गावाच्या वहीत चढतो.

क्षारांचे पाणी शेतात शिरले की पहिली एक-दोन वर्षे ते लक्षात येत नाही. मग जमिनीवर पांढरट पापुद्रा येतो, माती आवळते, पाऊस पडला तरी आत मुरत नाही आणि मुळांना श्वास घेता येत नाही. भाताचे रोप पिवळे पडते. विहिरीचे पाणी आधी मचूळ लागते, नंतर त्याला वास येतो, आणि शेवटी उपसा केल्यावर फेस दिसतो. पटनचेरूच्या पट्ट्यात तळ्यांची जुनी साखळीच हे पाणी गावोगाव पोचवू लागली. वरचे तळे बिघडले की सांडव्याने खालचे बिघडले. पावसाळ्याच्या रात्री टाक्या मोकळ्या करायच्या, म्हणजे पुराच्या पाण्यात काही दिसत नाही, ही तक्रार तिथल्या गावांनी वर्षानुवर्षे केली. तळ्यांतले मासे मेले. हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी या भागातील माती तपासली तेव्हा तिच्यात आर्सेनिकसारखे जड घटक धोक्याच्या प्रमाणात आढळले. क्षार पावसाने काही वर्षांत धुऊन जाऊ शकतात. आर्सेनिक असे निघून जात नाही.

लोक गप्प बसले नाहीत. पटनचेरूत दवाखाना चालवणारे डॉक्टर किशन राव यांनी रुग्णांच्या तक्रारी आणि गावातल्या विहिरी यांचा संबंध जोडला आणि ऐंशीच्या दशकापासून गावकऱ्यांना संघटित केले. पुढची काही दशके ते याच एका कामाला चिकटून राहिले. १९९० मध्ये प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने बाधित गावांना पिण्याचे पाणी पुरवायला आणि शेतकऱ्यांना नुकसानभरपाई द्यायला सांगितले. २००१ मध्ये प्रकरण आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाकडे गेले आणि त्यानंतर राष्ट्रीय हरित लवादाकडे. लवादाच्या चेन्नई खंडपीठाने ते निकाली काढले २०१७ साली. १९९० मध्ये ज्या बापाची जमीन बिघडली होती, त्याच्या मुलाचा संसार या काळात उभा राहिला असेल आणि बहुधा शेतीबाहेरच उभा राहिला असेल. भरपाई एकरामागे ठरते. पुढच्या पिढीने शेती सोडली, त्याचा दर कोणत्याच आदेशात नसतो.

दरम्यान १९९४ मध्ये पटनचेरूला सामायिक सांडपाणी प्रक्रिया केंद्र सुरू झाले. सुमारे नव्वद औषध कारखाने आपले पाणी टँकरने तिथे आणून देत आणि ‘प्रक्रिया केलेले’ पाणी इसकवागूत सोडले जाई. कागदावर हा तोडगा होता. तिथून बाहेर पडणाऱ्या पाण्यात कोणती औषधे किती आहेत, हे मात्र कुणी मोजत नव्हते, कारण मोजावे असा नियमच नव्हता.

मोजले ते स्वीडनच्या शास्त्रज्ञांनी. गोथेनबर्ग विद्यापीठाचे योआकिम लार्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या केंद्रातून बाहेर पडणारे पाणी तपासले आणि २००७ मध्ये निष्कर्ष छापले. सिप्रोफ्लॉक्सॅसिन हे प्रतिजैविक त्यात लिटरमागे ३१ मिलिग्रॅमपर्यंत आढळले. गोळी घेतलेल्या रुग्णाच्या रक्तात ते जितके असते, त्याहून हे प्रमाण जास्त होते. २००९ मध्ये त्याच गटाने आसपासची तळी आणि गावांच्या विहिरीही तपासल्या. विहिरींच्या पाण्यातही औषधे सापडली. दिवसाला वाहून जाणाऱ्या सिप्रोफ्लॉक्सॅसिनचा त्यांनी काढलेला अंदाज सुमारे ४४ किलोचा होता. अख्खा स्वीडन हे औषध पाच दिवसांत जितके खातो, तितके एका दिवसात एका ओढ्यात.

हे वाचून बीडच्या माणसाने आपला काय संबंध असे म्हणू नये. सिप्रोफ्लॉक्सॅसिन हे आपल्याकडचे रोजचे औषध आहे. जुलाब, मूत्रमार्गाचा दाह, विषमज्वर यांसाठी डॉक्टर ते वर्षानुवर्षे लिहून देत आले. ओढ्याच्या गाळातले जंतू या औषधात सतत बुडून राहिले की त्यातले मरायचे ते मरतात आणि ज्यांना औषध पचते तेच वाढतात. औषध पचवण्याची ही क्षमता जंतू एकमेकांना जनुकांच्या रूपाने देतात, अगदी वेगळ्या जातीच्या जंतूलाही. स्वीडिश गटाने २०११ मध्ये याच ओढ्याच्या गाळात अशा जनुकांचा मोठा साठा दाखवून दिला. ही जनुके गावाच्या वेशीवर थांबत नाहीत. माणसाच्या पोटातून, जनावरातून, पाण्यातून ती प्रवास करतात. जिल्हा रुग्णालयात एखाद्या लेकराचा ताप नेहमीच्या औषधाने उतरत नाही, तेव्हा त्यामागे औषधांचा बेसुमार वापर असतो, अर्धवट घेतलेले डोस असतात आणि असे ओढेही असतात. कुणाचा वाटा किती हे एका रुग्णापुरते सांगता येत नाही, पण ओढ्यांचा वाटा धरायचाच नाही, हे चूक आहे.

२००९ मध्ये प्रक्रिया केंद्राचे पाणी ओढ्यात सोडण्याऐवजी सुमारे १८ किलोमीटर लांबीच्या वाहिनीने हैदराबादच्या मैलापाण्यात मिसळून अंबरपेठच्या शुद्धीकरण केंद्रात नेण्याची व्यवस्था झाली. तिथून ते मुसी नदीत जाते. इसकवागूला त्यामुळे थोडा श्वास मिळाला. पण मुसी कृष्णेला मिळते. गोदावरीच्या खोऱ्यातला प्रश्न उचलून कृष्णेच्या खोऱ्यात नेऊन ठेवला, असा त्याचा सरळ अर्थ. शिवाय शहराच्या मैलापाण्यात असंख्य जंतू असतात. त्यात औषधांचे अवशेष मिसळण्याने प्रतिकारक जंतूंना आणखी वाव मिळेल, हा आक्षेप तज्ज्ञांनी घेतला होता आणि तो रास्त होता.

त्याच वर्षी, डिसेंबर २००९ मध्ये, केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने देशातल्या ८८ औद्योगिक क्षेत्रांना प्रदूषणाचे गुण दिले. सत्तरच्या वर गुण म्हणजे अतिगंभीर. पटनचेरू-बोलारामला ७०.०७ गुण होते. महाराष्ट्राने तेलंगणाकडे बोट दाखवावे अशी परिस्थिती नव्हती: चंद्रपूर ८३.८८, डोंबिवली ७८.४१, औरंगाबाद ७७.४४, नवी मुंबई ७३.७७ आणि तारापूर ७२.०१. आज छत्रपती संभाजीनगर झालेल्या औरंगाबादचे गुण पटनचेरूपेक्षा जास्त होते, ही बाब मराठवाड्यात जितकी गाजायला हवी होती तितकी गाजली नाही. या शहरातून वाहणारी खाम नदी पुढे जायकवाडीच्या जलाशयाला मिळते आणि जायकवाडीवर मराठवाड्याचा केवढा भाग विसंबून आहे हे वेगळे सांगायला नको.

बीडचे नाव त्या यादीत नव्हते. जिल्ह्याने फार काळजी घेतली म्हणून नव्हे. मुबलक पाणी नव्हते, बीड शहरापर्यंत रेल्वे नव्हती, म्हणून मोठा रासायनिक उद्योग इथे आलाच नाही. दरवर्षी लाखो माणसे ऊसतोडीला घाट उतरून जातात, त्यामुळे गावाजवळ कारखाना निघावा ही इथल्या तरुणांची मागणी खरी आहे आणि न्याय्य आहे. पण उद्योगाची राख कशी पसरते याचा अनुभव जिल्ह्याला आहे. परळीचे औष्णिक वीज केंद्र १९७१ मध्ये सुरू झाले. त्याने वीज दिली, रोजगार दिला आणि राखही दिली. राखेच्या तळ्याभोवतालच्या गावांत, वडगाव दादाहरीसारख्या ठिकाणी, पिकांवर राखेचा थर बसतो, श्वासाचे त्रास होतात, आणि राख उचलण्याचा धंदा हाच एक सत्तेचा खेळ बनला. जुलै २०१५ मध्ये पाण्याअभावी हे केंद्र बंद ठेवावे लागले. राख मात्र तिथेच होती.

केंद्र सरकारने जानेवारी २०२० मध्ये एक मसुदा काढला. कच्च्या औषधांच्या कारखान्यांच्या सांडपाण्यात कोणत्या प्रतिजैविकाचे किती अवशेष चालतील याच्या मर्यादा त्यात पहिल्यांदा घातल्या होत्या. जगात असा नियम करणारा भारत पहिल्या देशांपैकी एक ठरला असता. ऑगस्ट २०२१ मध्ये अंतिम अधिसूचना आली तेव्हा त्या मर्यादा तिच्यात नव्हत्या. जागतिक आरोग्य संघटनेने सप्टेंबर २०२४ मध्ये प्रतिजैविकांच्या कारखान्यांसाठी सांडपाण्याची मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली. ती मार्गदर्शक आहेत, बंधनकारक नाहीत.

आणि २०२४ मध्येच संगारेड्डी जिल्ह्यातल्या न्याळकल मंडलात, झहीराबादजवळ, सुमारे २,००० एकरांवर औषध उद्योगांची नवी वसाहत उभारण्याचा तेलंगणा सरकारचा प्रस्ताव पुढे आला. डप्पूर आणि मलगीसारख्या गावांच्या शेतकऱ्यांनी जमिनी द्यायला विरोध केला. न्याळकल बीदरच्या सीमेला लागून आहे. तिथून नदी सिंगूर धरणाकडे जाते, म्हणजे पटनचेरूपेक्षा हे ठिकाण मांजरेच्या वरच्या अंगाला आहे, आणि त्याच्या खाली हैदराबादच्या पिण्याच्या पाण्याचा साठा आहे. नक्कवागू निदान सिंगूरच्या खाली मांजरेला मिळत होता.